स्ट्रॉबेरीचा जॅम सैल राहतो, मग बुरशी धरतो: दोन्ही तक्रारींचं मूळ एकच

फेब्रुवारी-मार्चमध्ये स्ट्रॉबेरीचे भाव उतरतात. महाबळेश्वर-पाचगणीहून परतणारे दोन-चार किलो फळ बरोबर आणतात, आणि थोड्याच दिवसांत ठरलेली तक्रार ऐकू येते: जॅम चवीला छान झाला, पण बाटली तिरकी केली की वाहतो. दुसरी तक्रार महिन्या-दीड महिन्याने येते. झाकण उघडावं तर वर पांढरट-हिरवी बुरशी.

या दोन वेगळ्या अडचणी आहेत असं धरून दोन वेगळे इलाज केले जातात. पहिलीसाठी पुढच्या खेपेला पेक्टिन, म्हणजे फळांतला जॅम धरवणारा पदार्थ, दुप्पट; दुसरीसाठी सोडियम बेंझोएट हे टिकाऊपणासाठीचं रसायन. तरी पुढच्या मोसमात तेच घडतं. कारण बहुतेक घरांत दोन्हींचं मूळ एकच असतं: जॅममध्ये पाणी जास्त उरलेलं असतं. साखर आणि फळातला विरघळलेला अंश मिळून जॅमच्या वजनाच्या ६५ टक्क्यांच्या आसपास पोचले की पेक्टिनची जाळी धरते, आणि उरलेलं पाणी साखरेने असं बांधून ठेवलेलं असतं की बुरशीला ते सहजी वापरता येत नाही. ५५ टक्क्यांवर थांबलात तर जाळीही धरत नाही आणि बुरशीलाही मोकळं रान. बाजारातल्या जॅमला आपल्याकडच्या अन्नसुरक्षा नियमांत विरघळलेल्या घन पदार्थांचं किमान प्रमाण ६५ टक्के दिलेलं आहे, ते उगाच नाही.

म्हणून काहीही बदलण्याआधी एकच गोष्ट तपासा. जॅम खाली उतरवायचा क्षण तुम्ही कशावरून ठरवता?

तार पाहू नका

आपल्या घरात गुळांबा, साखरांबा, मोरंबा पिढ्यान् पिढ्या होत आला आहे. तिथे पाकाची तार पाहायची असते, आणि ती पारख हाताला इतकी बसलेली असते की जॅमलाही आपण तीच लावतो. पण मोरंब्याचा पाक दाट होतो तो निव्वळ साखरेच्या जोरावर. जॅम धरतो तो पेक्टिन, आम्ल आणि साखर या तिघांच्या मेळावर, आणि तो गार होताना धरतो. गरम असताना नीट झालेला जॅमही पातळच दिसतो. तारेवर भरवसा ठेवला की दोन गोष्टी होतात: जरा चिकटपणा आला की घाईने गॅस बंद, किंवा पक्की तार यावी म्हणून इतकं आटवणं की दुसऱ्या दिवशी चमचा घुसत नाही आणि रंग काळपट लाल.

‘वीस मिनिटं उकळा’ या सूचनेचाही उपयोग नाही. तुमचं पातेलं किती पसरट, गॅस किती मोठा, फळ किती रसाळ, यावर ती वीस मिनिटं दहाही होतील आणि चाळीसही.

वजन करा

मला सगळ्यात खात्रीची वाटणारी पद्धत ही, आणि तिला लागतो फक्त स्वयंपाकघरातला पाच किंवा दहा किलोचा काटा. सुरुवातीलाच रिकामं पातेलं आणि ढवळायचा चमचा एकत्र तोलून आकडा लिहून ठेवा.

महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीत विरघळलेला घन अंश साधारण ७ ते ८ टक्के धरायला हरकत नाही. म्हणजे १ किलो साफ केलेल्या फळात सुमारे ७५ ग्रॅम. त्यात ७५० ग्रॅम साखर घातली की एकूण ८२५ ग्रॅम झाले. हे ८२५ ग्रॅम तयार जॅमच्या ६५ टक्के व्हायला हवेत. ८२५ भागिले ०.६५ करा, उत्तर येतं जवळजवळ १२७० ग्रॅम. पातेल्यातला माल १२७० ग्रॅमवर आला की जॅम झाला. तुम्ही १७५० ग्रॅमवर सुरुवात केलीत, म्हणजे ४८० ग्रॅम पाणी वाफेने जायला हवं. लिंबाचा रस किंवा पुढे सांगितलेलं पेरूचं पाणी घातलंत तरी शेवटचा आकडा जवळपास तोच राहतो, ते जादाचं पाणी आटायला थोडा वेळ लागतो इतकंच.

तोलताना गॅस बंद करा, काट्यावर लाकडी पाट किंवा जाड घडीचं फडकं ठेवून काटा शून्यावर आणा, मग पातेलं ठेवा. उकळता जॅम अंगावर उडाला तर चिकटून राहतो आणि पाण्यापेक्षा वाईट भाजतो, तेव्हा आसपास मुलं नसावीत.

आता साखर कमी करण्याचा प्रश्न. हा प्रत्येक घरात निघतो आणि त्यात गैर काही नाही, पण हिशोब समोर ठेवून निर्णय घ्या. १ किलो फळाला ५०० ग्रॅमच साखर घेतलीत तर ५७५ भागिले ०.६५, म्हणजे ८८५ ग्रॅमपर्यंत आटवावं लागेल. ६०० ग्रॅमहून जास्त पाणी काढायचं. तितक्या उकळीत फळाचा ताजा वास जातो, रंग तपकिरी होतो आणि पेक्टिनही तुटतं. मध्येच ११०० ग्रॅमवर थांबलात तर चव सुरेख लागेल, पण ती फडताळात ठेवायची वस्तू नव्हे. फ्रिजमध्ये ठेवून तीन आठवड्यांत संपवा, जास्त असेल तर डब्यांत भरून फ्रीझरला टाका. साखर निम्मी करायची आणि बाटली कपाटात वर्षभर ठेवायची, या दोन्ही इच्छा एकत्र पुऱ्या होत नाहीत.

थर्मामीटर असेल तर

पाककृतींमध्ये १०५ अंश सेल्सियस लिहिलेलं असतं. तो आकडा समुद्रसपाटीचा आहे. मुंबईत, रत्नागिरीत, पणजीत तो चालेल. पुणे सुमारे ५६० मीटर उंचीवर आहे, तिथे पाणीच ९८ अंशांच्या आसपास उकळतं. महाबळेश्वर साडेतेराशे मीटरवर, तिथे साडेपंच्याण्णवला. उकळत्या पाण्यापेक्षा साडेचार-पाच अंश वर गेलं की जॅम तयार, हा खरा नियम. म्हणजे पुण्यात १०३ आणि महाबळेश्वरात १०० अंशांच्या जवळपास. पुण्यात १०५ ची वाट पाहत बसणाऱ्यांचा जॅम घट्ट गोळा होतो तो यामुळे.

उंचीचा तक्ता शोधत बसू नका. त्याच दिवशी, त्याच थर्मामीटरने साधं पाणी उकळताना किती दाखवतो ते पाहा आणि त्यात साडेचार मिळवा. थर्मामीटर एखाद-दोन अंश चुकीचा असला तरी ती चूकही आपोआप वजा होते. मोजताना त्याचं टोक तळाला टेकू देऊ नका.

काटा नाही, थर्मामीटरही नाही, तर बशी. दोन-तीन बश्या आधीच फ्रीझरमध्ये ठेवा. झाला असं वाटलं की गॅस बंद करून अर्धा चमचा जॅम गार बशीवर टाका, मिनिटभराने बोटाने सरकवा. पृष्ठभागावर सुरकुती पडली आणि बोटाने केलेली वाट भरून आली नाही, तर झाला. ही परीक्षा चालू असताना गॅस बंद हवा, नाहीतर तुम्ही बशीकडे पाहत असताना पातेल्यातला जॅम पुढे गेलेला असतो.

वजन बरोबर, तरी सैल

असं झालं तर मग पेक्टिन किंवा आम्ल कमी पडलं असं म्हणता येतं, त्याआधी नाही.

स्ट्रॉबेरीत मुळातच पेक्टिन कमी असतं. त्यात मोसमाच्या शेवटी मिळणारं स्वस्त, फार पिकलेलं, मऊ पडलेलं फळ घेतलंत तर आणखी कमी, कारण फळ पिकताना पेक्टिनचे धागे तुटत जातात. जॅमसाठी तीन भाग पिकलेली आणि एक भाग खांद्याशी पांढरट असलेली स्ट्रॉबेरी घ्या. महाबळेश्वरच्या बाजारात कागदी आवरणातली पिवळी गूजबेरी मिळते, तिच्यात पेक्टिन भरपूर असतं. किलोभर स्ट्रॉबेरीला १५० ग्रॅम गूजबेरी बारीक चिरून घातली तर धरण्यात फरक पडतोच, शिवाय चवीला एक छान आंबट धार येते. मला हा मेळ नुसत्या स्ट्रॉबेरीपेक्षा जास्त आवडतो.

ती नसेल तर हिवाळ्यातला अर्धवट पिकलेला पेरू. दोन पेरू फोडी करून बुडतील इतक्या पाण्यात अर्धा तास मंद शिजवा, मलमलच्या फडक्यातून न पिळता गाळा. ते पाणी स्ट्रॉबेरी शिजायला ठेवतानाच घाला. कवठातही पेक्टिन आणि आंबटपणा दोन्ही भरपूर, कवठाची जेली त्यामुळेच इतकी सुंदर धरते, आणि महाशिवरात्रीच्या सुमारास कवठ आणि स्ट्रॉबेरी दोन्ही बाजारात असतात. पण कवठाचा वास स्ट्रॉबेरीला झाकून टाकतो. त्याची जेली वेगळी करा.

विकतची पेक्टिन पूड वापरत असाल तर १ किलो फळाला ४ ते ६ ग्रॅम पुरते. ती पाचपट साखरेत कोरडीच मिसळा आणि मुख्य साखर पडण्याआधी उकळत्या फळात भुरभुरवा. सगळी साखर घातल्यावर पूड टाकली तर ती विरघळतच नाही, गुठळ्या होतात, आणि मग दोष पेक्टिनच्या माथी येतो.

आम्लासाठी किलोला एका मोठ्या लिंबाचा रस, साधारण ३० मिलिलिटर. लिंबू नसेल तर सायट्रिक आम्ल, म्हणजे लिंबाचं फूल, अर्धा छोटा चमचा. लिंबाच्या बिया पुरचुंडीत बांधून पातेल्यात सोडल्यात तर त्यांतूनही थोडं पेक्टिन मिळतं.

शंका असेल तर पेक्टिनची परीक्षा घरी होते. साखर घालण्याआधी शिजलेल्या फळाचा एक चमचा रस गार करा, त्यात तीन चमचे सर्जिकल स्पिरिट ओतून हलकेच हलवा. मिनिटभरात एक घट्ट गोळा झाला तर पेक्टिन भरपूर, दोन-चार तुकडे झाले तर मध्यम, नुसते कण दिसले तर बाहेरून घालावं लागेल. हे मिश्रण विषारी आहे. चाखू नका, पातेल्यात परत टाकू नका, वाटी लगेच धुवून टाका.

पातेलं आणि खेप

चार किलो फळ एकदम उंच पातेल्यात चढवणं हे सैल जॅमचं फार मोठं कारण आहे. पाणी पृष्ठभागावरून जातं. उंच पातेल्यात तेवढंच पाणी जायला दुप्पट-तिप्पट वेळ लागतो, आणि आंबट रसात लांबलेली उकळी पेक्टिन तोडते. वजनाचा आकडा गाठेपर्यंत धरणारं काही शिल्लकच उरत नाही. एका खेपेला एक किलो फळ, पसरट जाड बुडाचं स्टीलचं पातेलं, साखर विरघळेपर्यंत मंद आच आणि नंतर पूर्ण मोठी. लोखंडी कढई आणि कल्हई नसलेलं पितळ वापरू नका. फळाच्या आम्लाची धातूशी क्रिया होऊन लाल रंग मळतो, चवही धातूसारखी लागते. अ‍ॅल्युमिनियमही नको.

सैल झालेला जॅम वाचवणं

आधी दोन दिवस थांबा. काही जॅम धरायला चोवीस तासांहून जास्त घेतात, आणि दर दोन तासांनी बाटली हलवून पाहिली तर धरत आलेली जाळी मोडते.

मग बाटल्या पातेल्यात रिकाम्या करून वजन करा आणि मूळ हिशोबाशी ताडून पाहा. आकड्यापेक्षा जास्त भरलं तर फक्त आटवायचं आहे, बाकी काही घालू नका. आकड्याइतकंच किंवा कमी भरलं तर किलोला दोन मोठे चमचे लिंबाचा रस घाला. तेवढ्याने भागलं नाही तर ३ ग्रॅम पेक्टिन थोड्या साखरेत मिसळून अर्धी वाटी गरम पाण्यात पूर्ण विरघळवा, ते ओता आणि मोठ्या आचेवर पुन्हा आकड्यावर आणा. हा दुसरा प्रयत्न एकदाच. तिसऱ्यांदा उकळलेल्या जॅममध्ये फळाचा स्वाद उरत नाही. त्यापेक्षा तो सैल जॅम फ्रिजमध्ये ठेवून मिल्कशेकमध्ये, श्रीखंडात, घावनावर वापरा.

बुरशी: पाणी बरोबर, तरी आली

वजन बरोबर असूनही बुरशी धरली तर झाकणाकडे वळा. इथे एक बारकावा फार जणांच्या लक्षात येत नाही. जॅम कोमट असताना झाकण लावलं की आतली वाफ झाकणाला थेंब होऊन लागते आणि जॅमवर टपकते. खालचा सगळा जॅम ६५ टक्क्यांवर असतो, पण वरचा पातळ थर पाणचट होतो. बुरशी नेमकी तिथे उगवते. भरायचा तर कढतच भरा आणि लगेच झाकण लावा.

बाटल्या पाण्यात १० मिनिटं उकळून, गरम असतानाच जॅम भरा, वर पाव इंच जागा सोडा. कड स्वच्छ ओल्या फडक्याने पुसून घ्या, कारण तिथे जॅमचा एक थेंब राहिला तरी झाकण नीट बसत नाही. मध-लोणच्याच्या जुन्या बाटल्या चालतील, त्यांची जुनी झाकणं नाही. फिरकीच्या झाकणाच्या आतली मऊ कडी एकदा दाबली गेली की पुन्हा तशी बसत नाही. बाटल्यांच्या घाऊक दुकानात त्याच मापाची नवी झाकणं सुटी मिळतात.

मग बंद बाटल्या उकळत्या पाण्यात ठेवा. तळाशी फडकं, झाकणांवर इंचभर पाणी, आणि पूर्ण उकळी आल्यापासून वेळ मोजायला सुरुवात. किनारपट्टीवर १० मिनिटं, पुणे-नाशिकपासून महाबळेश्वरपर्यंत घाटमाथ्यावर १५, कारण तिथलं उकळतं पाणी कमी तापलेलं असतं. बाहेर काढून लाकडी पाटावर किंवा जाड फडक्यावर ठेवा. गार ओट्यावर ठेवली तर काच तडकते. दुसऱ्या दिवशी झाकणाचा मध्य आत ओढलेला आणि दाबल्यावर टकटक न वाजणारा हवा. वाजला तर ती बाटली फ्रिजमध्ये, आणि आधी तीच संपवा. बाटली उलटी ठेवली की झाकण आपोआप निर्जंतुक होतं असं मानणारे बरेच आहेत, जॅमवर मेण ओतणारेही आहेत. पाण्यात उकळण्याची बरोबरी यातलं काहीच करत नाही. मेण तर गार होताना कडेने सुटतं आणि तिथून हवा आत जाते.

बुरशी आलेला जॅम टाकून द्या. वरचा थर काढून खालचा मुलांना देण्याची सवय अनेक घरांत आहे, पण काही बुरश्या तयार करत असलेली विषं डोळ्यांना दिसणाऱ्या थराच्या खाली उतरतात, आणि पुन्हा उकळल्याने ती सगळी नष्ट होतात असं नाही. इतक्या मेहनतीची बाटली टाकताना जीव तुटतो हे मला कळतं. तरीही टाका.

बुडबुडे, झाकण फुगलेलं, उघडताच आंबूस वास: हे यीस्ट. कारण पुन्हा तेच, पाणी जास्त किंवा झाकण सैल. तीही बाटली टाकायचीच.

बेंझोएटबद्दल इतकंच की ते कमी आटवलेल्या जॅमवरचं पांघरूण होऊ नये. पोटॅशियम मेटाबायसल्फाइट हे टिकाऊपणासाठीचं दुसरं रसायन मात्र लाल फळात नकोच, त्याने स्ट्रॉबेरीचा रंग उडतो.

बाकीच्या तक्रारी थोडक्यात

जॅममध्ये साखरेचे खडे लागतात? पातेल्याच्या कडांना चिकटलेली साखर न विरघळता आत पडली, किंवा आंबटपणा कमी होता. उकळी येण्याआधी ओल्या ब्रशने कडा उतरवून घ्या. फळ वर तरंगतं? फोडी रात्रभर साखरेत मुरवा, आणि गॅस बंद केल्यावर पाच मिनिटं थांबून एकदा हलकेच ढवळून मग भरा, त्याहून जास्त थांबू नका. वर पाणी सुटलं? आम्ल जास्त झालं, किंवा बाटल्या गरम जागी ठेवल्या. नागपूर-अकोल्याच्या मे महिन्यात कपाटातला जॅम काळवंडतोही, तेव्हा तिथे उन्हाळाभर फ्रिजच बरा. गूळ घालून करणाऱ्यांनी लिंबू जरा वाढवावं. आणि साखरेऐवजी कृत्रिम गोडी घातली तर नेहमीचं पेक्टिन धरणारच नाही. कॅल्शियमवर धरणारं कमी मेथॉक्सिलचं पेक्टिन मागवा आणि तो जॅम फ्रिजमध्येच ठेवा.

तुतीला आणि पिकल्या जांभळाला हाच वजनाचा हिशोब लागू होतो, फक्त त्यांत विरघळलेला अंश १२ टक्क्यांच्या आसपास धरा आणि तुतीला लिंबू दुप्पट, कारण ती फार कमी आंबट असते. मे महिन्यातल्या करवंदांचं उलट आहे. निम्मी कच्ची घेतलीत तर पेक्टिन आणि आम्ल दोन्ही इतकं असतं की आकड्याच्या थोडं आधीच बशीवर सुरकुती पडते, तेव्हा तिथे बशीची परीक्षा लवकर सुरू करा. करवंदं आधी पाण्यात शिजवून, बिया काढून गर गाळून घ्या आणि साखर त्यानंतर घाला, नाहीतर सालं चिवट होतात. त्यांचा चीक पातेल्याला घट्ट चिकटतो, म्हणून शिजवायच्या पातेल्याला आतून आधी तेलाचा हात फिरवून घ्या.